पडणाऱ्याचंही नाव घ्या : ठाणे-नवी मुंबईतल्या कराटे क्लासच्या सरांना आणि मॅडमना खुलं पत्र

ठाण्यापासून ऐरोली, घणसोली, कोपरखैरणे, वाशी, नेरूळपर्यंत जिथे जिथे शाळेच्या पटांगणात, सोसायटीच्या गच्चीवर नाहीतर कुठल्यातरी हॉलमध्ये संध्याकाळी कराटेचे क्लास भरतात तिथल्या सगळ्या सरांना आणि मॅडमना,

सप्रेम नमस्कार.

मी कोपरखैरण्यात राहतो. माझी मुलगी बारा वर्षांची आहे, ग्रीन बेल्ट आहे, आठवड्यातून तीन दिवस क्लासला जाते आणि तिला सोडायला-आणायला मीच जातो. कुठला क्लास ते लिहीत नाही, कारण विषय एका क्लासचा नाहीये, गेल्या दोन-तीन वर्षांत मी या पट्ट्यात सहा-सात डेमो बघितलेत आणि सगळीकडे हेच होताना बघितलंय.

यावर्षी गणपतीत स्टेजवर डेमो होता. सेल्फ डिफेन्सचा भाग आला, तीन ब्राऊन बेल्टची (ग्रीनच्या वरचा बेल्ट) मुलं, आणि त्यांच्यावर अटॅक करायला माझी मुलगी आणि अजून एक मुलगा. अटॅक करायचा म्हणजे मनगट धरायचं, मागून मिठी मारायची, गळा पकडायचा आणि मग आपटून घ्यायचं. मी मोजलं, माझी पोरगी अकरा वेळा पडली. एकदाही डोकं मॅटला लागू दिलं नाही. एकदा तर त्या दादाचा पाय चुकला, थ्रो बसलाच नव्हता, हिने स्वतः उडी घेऊन तो पूर्ण केला, आणि समोर बसलेल्या दोनशे लोकांपैकी कुणाला ते कळलं नाही, टाळ्या मात्र कडकडून पडल्या. मग माईकवर तिघांची नावं घेतली, कुठल्या शाळेत, किती मेडल, सगळं सांगितलं, ट्रॉफ्या दिल्या, फोटो झाले. तोपर्यंत ही दोघं मागे मॅट गुंडाळत होती. घरी येताना रिक्षात मला म्हणाली, बाबा, पुढच्या वर्षी मला पडायचं काम नको, तुम्ही सरांना सांगा ना.

ते ऐकून मला फार वाईट वाटलं. तिचं नाव घेतलं नाही याचं वाईट वाटलंच, पण जास्त याचं वाटलं की जे काम तिला सगळ्यात चांगलं येतं त्याचीच तिला लाज वाटायला लागली.

तुमच्या जवळपास प्रत्येक क्लासच्या भिंतीवर ब्रूस लीचा फोटो असतो. असायलाच हवा, मी स्वतः त्याच्यामुळे कराटेला गेलो. ९३-९४ साल असेल, आम्ही इथेच माथाडी वस्तीत राहायचो, वडील कांदा-बटाटा मार्केटला होते, आणि वर्गणी काढून भाड्याने व्हीसीआर आणून रात्रभर तीन पिच्चर बघायची पद्धत होती, त्यातला एक मारामारीचा असायचाच. 'एन्टर द ड्रॅगन' मी तसा बघितला, चाळीतली तीस-पस्तीस माणसं दाटीवाटीने बसलेली आणि कॅसेटवर मध्येमध्ये रेघा. त्यात बेटावरच्या स्पर्धेत ब्रूस ली आणि ओहारा यांची फाईट आहे, आणि त्यात एका क्षणी ब्रूस ली जागच्या जागी मागे उलटी कोलांटी घेतो आणि त्याच कोलांटीत समोरच्याला लाथ मारतो. आम्ही ती जागा इतक्या वेळा रिवाईंड केली की कॅसेटवाल्याने दुसऱ्या दिवशी दम दिला. पुढचे सहा महिने वस्तीतली सगळी पोरं वाळूच्या ढिगाऱ्यावर तीच कोलांटी मारायचा प्रयत्न करत होती.

ती कोलांटी ब्रूस लीची नाही, हे मला कळायला पुढे पंधरा वर्षं गेली. ती युएन वाहची आहे.

युएन वाह हे नाव तुमच्यातल्या किती जणांनी क्लासमध्ये घेतलंय मला माहीत नाही. जन्म १९५०चा, हाँगकाँगचा. लहानपणीच त्याला यू जिम-युएन या गुरूंच्या शाळेत घातलं, तिथे पेकिंग ऑपेरा शिकवायचे, म्हणजे गाणं, अभिनय, शस्त्रं, कोलांट्या, सगळं एकत्र. मुलं तिथेच राहायची, पहाटेपासून रात्रीपर्यंत सराव, भिंतीला पाय लावून हातांवर उभं राहायचं ते हात थरथरेपर्यंत, चुकलं की छडी. (मी त्या छडीच्या बाजूने अजिबात नाही, हे इथेच सांगून ठेवतो.) तिथल्या मुलांना गुरूंच्या नावातलं 'युएन' मिळायचं, म्हणून युएन वाह, युएन ब्याओ, कोरी युएन ही सगळी युएन मंडळी एकमेकांची सख्खी कुणी नाहीत, एका गुरूची पोरं आहेत. समो हंग आणि जॅकी चॅन पण त्याच शाळेतले. पुढे ऑपेराचा प्रेक्षक आटत गेला, आणि ही एवढी तयार झालेली मुलं पोट भरायला सिनेमाच्या सेटवर गेली, स्टंट करायला, गर्दीत उभं राहायला, मार खायला.

१९७२च्या 'फिस्ट ऑफ फ्युरी'मध्ये शेवटी ब्रूस लीची लाथ बसते आणि मुख्य व्हिलन दार फोडून बाहेर अंगणात जाऊन आदळतो, ते शरीर जॅकी चॅनचं आहे. पुढच्या वर्षीच्या 'एन्टर द ड्रॅगन'मध्ये तळघरात ब्रूस ली एका पहारेकऱ्याला केसांना धरून त्याची मान मोडतो, तोही जॅकीच. जॅकी पुढे हिरो झाला म्हणून आज आपण ते शोधून शोधून बघतो, नसता झाला तर? युएन वाह त्या अर्थाने हिरो कधीच झाला नाही. ब्रूस लीकडे विंग चुन या कुंग फूच्या प्रकाराचं शिक्षण होतं, वेग होता, नजर होती, पण ऑपेरातल्या कोलांट्या त्याने शिकलेल्या नव्हत्या, आणि जिथे त्या लागल्या तिथे त्याच्या कपड्यात हा बावीस वर्षांचा पोरगा उभा राहिला. काम असं की चेहरा दिसला तर शॉट वाया. १९७३च्या २० जुलैला ब्रूस ली गेला, ३२ वर्षांचा होता, पिच्चर त्याच्यानंतर लागला आणि जगभर गाजला, आणि त्यातली ती कोलांटी कायमची त्याच्या नावावर राहिली. मला यात ब्रूस लीचं काही कमी झालं असं अजिबात वाटत नाही. उलट मला तो सीन आता जास्त आवडतो, कारण आता मला त्यात दोन माणसं दिसतात.

त्यानंतर युएन वाहने काय केलं ते बघा. बारीक अंगकाठी, पुढे मिशी, चेहरा हिरोचा नाही, तर तो व्हिलन झाला, आणि असा व्हिलन की पडद्यावर आला की बाकीच्यांकडे लक्षच जात नाही. १९८७च्या 'ईस्टर्न कॉन्डॉर्स'मध्ये तो व्हिएतनामी जनरल आहे, चष्मा, हातात पंखा, बायकांसारखं खिदळत हसणं, पहिल्यांदा बघितला तेव्हा वाटलं हा काय मारामारी करणार, आणि मग शेवटी उठतो तेव्हा समोरच्यांची हालत खराब करतो. १९८८च्या 'ड्रॅगन्स फॉरएव्हर'मध्ये सिगारवाला बॉस, आणि समोर जॅकी, समो आणि युएन ब्याओ, म्हणजे एकाच शाळेतले चौघं, तिघं एका बाजूला आणि हा एकटा दुसऱ्या बाजूला. ती फाईट जरूर बघा आणि यावेळी मारणाऱ्याकडे बघूच नका, फक्त ज्याला लागतंय त्याच्याकडे बघा. मान किती फिरते, कधी फिरते, पाय जमिनीवरून कधी सुटतात. पंच येण्याआधी मान फिरली तर खोटं वाटतं, अर्धा सेकंद उशिरा फिरली तरी खोटं वाटतं. हाँगकाँगवाले त्या काळात शॉट लांब ठेवायचे, एका शॉटमध्ये आठ-आठ दहा-दहा हालचाली, लपवायला जागाच नाही, त्यामुळे पंच किती जोरात बसला हे प्रेक्षकाला पंच सांगतच नव्हता, ते घेणारा सांगत होता. ही जी मुलं एकमेकांना लहानपणापासून ओळखत होती, कुणाचा पाय किती वर येतो, कोण कधी श्वास सोडतो, ती एकमेकांवर विश्वास ठेवून पडत होती.

मग १९९२ला 'पोलीस स्टोरी ३'मध्ये पँथर नावाचा व्हिलन, आणि बाकी असंख्य छोटी कामं. २००४ला स्टीफन चाऊने 'कुंग फू हसल' काढला. हा तुमच्या क्लासमधल्या मुलांच्या आईबापांना नक्की आठवेल, टीव्हीवर हिंदीत लागायचा. त्यातला तो पायजम्यातला घरमालक, बायकोला घाबरणारा, बायको त्याला खिडकीतून खाली फेकते आणि वरून डोक्यावर कुंडी पडते. तो युएन वाह. पन्नाशी ओलांडलेला माणूस, तीस वर्षांनंतरही पडतोच आहे, आणि काय सुंदर पडतोय. आणि मग पिच्चर पुढे जातो तसं कळतं की हा ताई चीचा उस्ताद आहे, समोरच्याचं बळ अंगावर घेऊन वळवणारा. २००५ला हाँगकाँग फिल्म अवॉर्ड्समध्ये त्याला सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. कोलांटीपासून पुरस्कारापर्यंत बत्तीस वर्षं. मला हे वाचून इतका आनंद झाला होता की मी रात्री अकरा वाजता बायकोला उठवून सांगितलं. २०२१च्या 'शांग-ची'मध्येही तो आहे, सत्तरीत.

तो एकटाच नाही. लाम चिंग-यिंग घ्या, ब्रूस लीच्या स्टंटच्या टीममधला, ब्रूस लीबरोबर सावलीसारखा असायचा, १९८५च्या 'मिस्टर व्हॅम्पायर'मध्ये जोडलेल्या भुवयांचा मांत्रिक झाला आणि तेव्हा कुठे लोकांनी त्याचा चेहरा लक्षात ठेवला, १९९७ला कॅन्सरने गेला, पन्नाशीही गाठली नाही. शी किएन घ्या, 'एन्टर द ड्रॅगन'मधला लोखंडी पंजाचा हान, तेव्हा वय साठ, त्याच्या आधी वीसेक वर्षं तो वाँग फेई-हंग या कुंग फू उस्तादावरच्या पिच्चरमध्ये व्हिलनच करत होता, हाँगकाँगात त्याला लोक नावानेच 'दुष्ट किएन' म्हणायचे, आणि हान म्हणून जो इंग्रजी आवाज आपण ऐकतो तोसुद्धा त्याचा नाही. बोलो येउंग तर इथल्या प्रत्येक जिमच्या पोराला ओळखीचा, 'ब्लडस्पोर्ट'चा चोंग ली, पण चोंग ली म्हणा, लगेच ओळखतात, बोलो येउंग म्हणा, कोण म्हणून विचारतात. आपल्याकडेही शेट्टी होते, टकलावरून अख्खं थिएटर ओळखायचं, प्रत्येक हिरोचा मार खाल्लेला माणूस.

आता तुम्ही म्हणाल हे सिनेमाचं झालं, आमचा क्लास सिनेमाचा नाही, आम्ही खरं कराटे शिकवतो. म्हणूनच तुम्हाला लिहितोय.

माझे वडील सातारकडचे, मुंबईत हमालीला येण्याआधी गावच्या तालमीत होते. ते मोठे पैलवान नव्हते, ते जोड होते. म्हणजे गावातला जो नावाचा पैलवान होता त्याच्याबरोबर रोज सकाळी मातीत उतरायचं, त्याला ज्या डावाचा सराव करायचाय तो डाव अंगावर घ्यायचा, दिवसाला पन्नास-साठ वेळा चीत व्हायचं. जत्रेत फेटा पैलवानाला. पण त्या पैलवानाने मैदान मारलं की तो आधी आमच्या आजीच्या पाया पडायला घरी यायचा, हे वडील मरेपर्यंत सांगत होते, आणि सांगताना त्यांचा चेहरा असा व्हायचा की फेटा त्यांनाच मिळाला होता. वडील म्हणायचे, जोड कच्चा असला की पैलवान नुसता फुगतो, वाढत नाही. आपल्या मातीत ही समज होती. ती आपण गच्चीवरच्या क्लासमध्ये आणली नाही.

आणि ज्यांच्याकडून आपण हे घेतलं त्या जपान्यांकडेही ती आहे. ज्युदोमध्ये, ज्युदोचे जनक कानो यांनी १८८२ला कोदोकान ही शाळा सुरू केली तेव्हापासूनची परंपरा, पोरगा आला की आधी उकेमी, म्हणजे पडणं. मागे पडणं, बाजूला पडणं, पुढे पडणं. हनुवटी छातीला, पाठ गोल, श्वास सोडायचा आणि हाताने मॅटवर चापट. ज्याच्यावर डाव होतो त्याला उके म्हणतात, घेणारा, स्वीकारणारा. तुम्ही रोज संध्याकाळी मुलांकडून ओरडून घेता ना, आगे उके, सोतो उके? तोच शब्द आहे. आपण मुलांना त्याचा अर्थ ब्लॉक म्हणून सांगतो, अडवणं. मूळ अर्थ घेणं असा आहे. रोज पन्नास वेळा तो शब्द तोंडात असतो आणि जी पोरगी खरोखर घेते तिचं नाव माईकवर येत नाही, याचा मला त्रास होतो.

माझं स्वतःचं सांगतो. ९५ साली मी ज्या क्लासला जायचो तिथे गच्चीवर मॅट नव्हती, सिमेंट होतं, एक पातळ सतरंजी. दीड वर्षात पंच, किक, काता (ठरलेल्या हालचालींची मालिका) सगळं शिकवलं, पडायला एक दिवस शिकवलं नाही. एका रविवारी सिनियरने मला स्वीप मारला, म्हणजे पायाने माझे पाय उडवले, मी मागे जाताना घाबरून हात सरळ ताठ खाली टेकवला आणि सगळं वजन त्या हातावर आलं, कोपर मोडलं. दोन महिने प्लास्टर. तो हात अजून पूर्ण सरळ होत नाही. त्या सिनियरची चूक नव्हती, माझीही नव्हती, हात खाली टेकवायचा नाही हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. वडिलांनी प्लास्टर बघितलं आणि एवढंच विचारलं, तुला पडायला कुणी शिकवलं नाही का रे? मी परत क्लासला गेलो नाही. तुमच्यातल्या बऱ्याच जणांकडे आता चांगल्या जाड मॅट आहेत, बघून बरं वाटतं, पण मॅट आली म्हणजे पडणं शिकवून झालं असं धरू नका. बसमधून उतरताना, पावसाळ्यात स्टेशनच्या जिन्यावर, सायकलवरून, तुमच्याकडे शिकलेली पोरं आयुष्यात पंच किती वेळा मारतील कोण जाणे, पडतील मात्र नक्की.

म्हणून माझी विनंती अशी आहे की नवीन बॅच आली की पहिले दोन महिने पडणं शिकवा, फी भरणारे पालक कुरकुरतील की अजून किक का नाही, त्यांना हे पत्र दाखवा. बेल्टच्या परीक्षेत जसे काताचे मार्क असतात तसे घेण्याचेही मार्क ठेवा, पार्टनर म्हणून मूल कसं वागतं, समोरच्याला कसं सांभाळतं, याचे. डेमोमध्ये पडणारा कायम तोच ठेवू नका, ब्राऊन बेल्टलाही पडू दे, ग्रीन बेल्टकडून पडू दे, त्याचा काही अपमान नाही होत त्यात. आणि माईक ज्याच्या हातात असतो त्याला कागदावर सगळ्यांची नावं लिहून द्या. पाच मुलं स्टेजवर होती तर पाच नावं. त्याला वीस सेकंद जास्त लागतात, पाहुण्यांच्या सत्काराला आपण वीस मिनिटं देतो.

बाहेर जग थोडं थोडं बदलतंय. हाँगकाँगने तर फाईट बसवणाऱ्यांसाठी वेगळा पुरस्कार ८०च्या दशकातच सुरू केला. आपल्या राष्ट्रीय पुरस्कारात २०१७ला पहिल्यांदा स्टंटसाठी पुरस्कार दिला, 'पुलिमुरुगन'साठी पीटर हेनना. ऑस्करवाले इतकी वर्षं ढिम्म होते, त्यांनीही आता २०२८च्या सोहळ्यापासून स्टंट डिझाईनचा पुरस्कार जाहीर केलाय. वाशीच्या नाहीतर ठाण्याच्या एका हॉलमधल्या डेमोसाठी कुणाच्या जाहीर करण्याची वाट बघायची गरज नाही, ते तुमच्या हातात आहे, पुढच्या महिन्यात करता येईल.

मुलीला मी गेल्या रविवारी 'कुंग फू हसल' दाखवला. तो घरमालक खिडकीतून पडतो तिथे ती आधी खूप हसली, मग गप्प झाली आणि म्हणाली, बाबा थांबा, परत लावा. मग परत. मग तिसऱ्यांदा बघून म्हणाली, त्याने हनुवटी आत घेतली बघा. त्यानंतर मी तिला ओहाराची फाईट दाखवली आणि सांगितलं की ही कोलांटी त्याच घरमालकाची आहे, तर तिचा विश्वासच बसेना, दोन्ही पिच्चर पुढे-मागे करून चेहरा शोधत बसली, आणि चेहरा दिसणारच नाही म्हटल्यावर रागावली.

ब्रूस लीच्या बाजूला लावायला युएन वाहचा एक फोटो मी प्रिंट करून घेतलाय, ए-थ्री साईज, खाली देवनागरीत नाव आणि '१९७३ची कोलांटी' एवढंच लिहिलंय. पाच कॉपी जास्तीच्या काढल्यात. आमच्या सरांना शनिवारी साडेसहाच्या बॅचला आणून देतो, भिंतीवर कुठे लावायचा ते तुम्ही सांगा सर, स्टूल आणि टेप मी घेऊन येतो. बाकी क्लासवाल्यांना हवा असेल तर तेही सांगा.

आपला,
एका ग्रीन बेल्टचा बाबा
कोपरखैरणे, नवी मुंबई